बँकेच्या घरात मुक्काम नाही

३ नोव्हेंबर २०२५, सोमवार. सकाळी, चहा उतू जाऊन राहिला तरी

आज पक्कं ठरवलं. श्यामचं घर मीच सोडवणार.

श्याम माझा एकुलता एक. नऊ वर्षाआधी अमरावतीले फ्लॅट घेतला, बँकेतून पंचवीस लाख उचलून. हप्ता एकवीस हजार सातशे. वास्तूच्या दिवशी मी सहज विचारलं, बावा, हे घर आता आपलं ना? तं हा हसून म्हणे, आई, दरवाजा आपला, बाकी सारं बँकेचं. झालं. भरल्या पंगतीत मी सांगून टाकलं, बँकेच्या घरात मी मुक्काम नाही करणार. आपलं होईल त्या दिवशी गादी टाकून झोपीन. सगळे हसले. मी काही हसली नव्हती.

तवापासून एक रात्र राहिली नाही तिथं. सकाळच्या एसटीनं अकोल्यावरून जायचं, नातीचं तोंड पाहायचं, साडेपाचच्या गाडीनं परत. बायांले अर्धं तिकीट आहे म्हणून चालून राहिलं.

आता हिशोब. बत्तीस बायांची भिशी मी चालवते, मले कोणी हिशोब शिकवायची गरज नाही. भिशी उचलली की राहिलेले हप्ते भरायचे, भरले की मोकळं. बँक मंजे तरी काय, मोठी भिशीच. बाया कमी अन् पंखे जास्त.

नऊ वर्षाचे हप्ते डिसेंबरात पुरे होतात. तेवीस लाखाच्या वर गेले. राहिले दीड लाख अन् सहाएक हजार. अन् भिशीत माझा शेवटचा नंबर, तो बी डिसेंबरातच. एक लाख साठ हजार. वरच्या तीन-चार हजाराचे पेढे.

श्यामले सांगायचं नाही. सरप्राईज.

चहा सांडला. असो.

९ नोव्हेंबर, रविवार. एसटीत, मूर्तिजापूरच्या स्टँडवर

अमरावतीहून परत येऊन राहिली. अवनी आता तिसरीत आहे. आज पाठीमागून गळ्यात हात टाकून म्हणे, आजी, माझ्या सगळ्या मैत्रिणींच्या आज्या रात्री घरी असतात, तू कावून नाही? मी म्हटलं, जानेवारीपासून रोज असीन, इतली असीन की तूच कंटाळशीन. तिनं नव्या वर्षाच्या कॅलेंडरवर जानेवारीच्या सगळ्या चौकोनात आजी आजी आजी लिहून टाकलं. पोट्टीचं अक्षर छान आहे. बापावर नाही गेली.

साधना, मंजे माझी सून, विचारे, आई, जानेवारीत काय आहे? मी म्हटलं, थंडी.

मले हसू आवरत नव्हतं. शेजारी बसलेली बाई मधून मधून माझ्याकडे पाहून राहिली आहे.

१७ नोव्हेंबर, सोमवार

घरमालक देवानंदभाऊले सांगतलं, एकतीस जानेवारीले खोल्या रिकाम्या करते. तो म्हणे, काकू, घाई नका करू, इतले वर्षं राहिल्या, पोराले एकदा विचारून घ्या. मी म्हटलं, भाऊ, पोराचं घर मोकळं करून राहिली, तुमच्या दोन खोल्या ठेवून काय करू?

हात जोडले त्यानं. डोळ्यात पाणी होतं असं मले वाटलं. नाहीतं सर्दी असन.

२५ नोव्हेंबर, मंगळवार. दुपारी

घर सुटलं तं मारुतीले रोडगे करीन, गोवऱ्यात भाजलेल्या कणकेच्या गोळ्यांची पंगत घालीन, असं मी वास्तूच्याच दिवशी बोलली होती. आता नवस तं फेडाच लागते. बाळापूरच्या नणंदेले फोन केला. जाईबाई मोठी खवट बाई. म्हणे, वहिनी, बँक आपल्या हातानं घर सोडते हे मी पहिल्यांदा ऐकून राहिली. म्हटलं, जाईबाई, तुमी या, जेवा, मंग बोला. तं म्हणे, लुगडं देणार असान तं येते. आता नणंद म्हटल्यावर लुगडं आलंच. अन् एकीले दिलं तं तिघींले आलं.

रोडगेवाला पंजाबराव येऊन गेला. किती पानं, विचारे. मी म्हटलं, ऐंशी. तो म्हणे, ऐंशी सांगतात तिथं सव्वाशे येतात. बरं, सव्वाशे. गोवऱ्या, कणीक, वांगे, तूप, सारं त्याच्याकडे. आगाऊ पाच हजार दिले पेन्शनीतून, भिशी आली की त्यातून वळते करीन.

दीड लाखात थोडं कमी पडन. पण बँक सोडन की काही. कापडवाला जुन्या गिऱ्हाइकाले शंभर-दोनशे सोडते, हे तं नऊ वर्षाचं गिऱ्हाईक.

५ डिसेंबर, शुक्रवार

दिवाण पाहिला. सागाचा, डोक्याशी दोन मोर. अठरा हजार. अवनीच्या खोलीत बरोबर बसते, मी टिचभर टिचभर मोजून आणलं होतं. गादी वेगळी. मच्छरदाणी वेगळी. दुकानदार म्हणे, आजी, हप्त्यावर घ्या ना. मी त्याले असं पाहिलं की त्यानं हप्त्याचा कागद परत आत ठेवला. भिशी आल्यावर सगळे रोख देईन म्हटलं.

आता बँकेले तीन-चार हप्ते कमी पडतीन. ते श्याम भरन. तसाही भरतेच ना तो दर महिन्याले. त्याचा हात बसला आहे.

१० डिसेंबर, बुधवार. संध्याकाळी

भिशी आली! एक लाख साठ हजार. चहा-पोहे झाले. सगळ्या बाया म्हणे, मनकर्णाबाई, तुमच्यासारखी सासू पाहिजे. एकीनं तं पायच धरले. पंजाबरावचे दिले, दिवाणाचे दिले, तीन लुगडे आणले, अन् साधनाले एक शालू, कारण नणंदांले दिलं अन् सुनेले नाही दिलं तं लोक काय म्हणतीन. अवनीले पायातले पैंजण घेतले, वाजणारे.

राहिले नव्वद हजार. लाल फडक्यात बांधले. गठ्ठा चांगला दिसते. लाखासारखाच दिसते.

२१ डिसेंबर, रविवार. परतीच्या गाडीत

अमरावतीले मारुतीच्या आवारात रोडगे झाले. श्यामले इतलंच सांगतलं होतं की जुना नवस आहे. माणसं एकशे चाळीस आली. रोडगे असे फुटत होते की तूप आत पाणी जिरावं तसं जिरून जाय. वांग्याच्या भाजीले तोड नव्हती. लोक बोटं चाटून राहिले होते.

मंग मी उभी झाली. श्यामच्या हातात लाल फडकं दिलं अन् सगळ्यांपुढे सांगतलं, उद्या बँकेत भर अन् घराचा कागद घेऊन ये, आजपासून घर आपलं.

टाळ्या झाल्या. श्यामनं नाही वाजवल्या. फडक्याकडे पाहे, माझ्याकडे पाहे.

जाईबाईले कुठं राहवते? पानावरूनच विचारे, कावून रे श्याम, किती बाकी होतं? हा पोट्टा लहानपणापासून खोटं बोलत नाही, हाच याचा दुर्गुण. म्हणे, आत्या, साडेअठरा लाख.

लोकांची बोटं पानावरच थांबली. मंग जाईबाई म्हणे, वहिनी, मंग आमी हे जेवलो ते कायचं?

मी म्हटलं, रोडगे गरम आहेत, तूप घ्या.

श्यामची काहीतरी चूक होऊन राहिली. नऊ वर्षं भरून कोणाचे साडेअठरा लाख राहतात काय?

साडेपाचची गाडी पकडली. अवनी विचारे, आजी, घर आपलं झालं ना, मंग चालली कावून? म्हटलं, कागद यायचा आहे.

२२ डिसेंबर, सोमवार

श्याम अन् साधना सुट्टी टाकून अकोल्याले आले. श्याम रागावला नाही. रागावला असता तं बरं झालं असतं, मले बी रागावता आलं असतं.

साधना शाळेत शिकवते, तिनं समजावलं. पहिल्या महिन्याचा हप्ता एकवीस हजार सातशे. त्यातले सतरा हजार सातशे व्याजात गेले, मुद्दलात फक्त चार हजार. पुढच्या महिन्यात व्याज थोडं कमी, मुद्दल थोडं जास्त. अशी नऊ वर्षं. तेवीस लाख भरले, तं पंचवीस लाखातले कमी झाले साडेसहा. आणखी अकरा वर्षं आहेत. सगळे मिळून बावन्न लाख जातीन.

मले पटकन समजलं. गाईखाली बसलं तं पहिले वासरू पिऊन घेते, आपल्या बादलीत येते ते मागचं. बँकेचं वासरू पहिल्या वर्षी लय भुकेलं असते. जसं जसं दिवस जातात तसं तोंड कमी घालते. साधना म्हणे, आई, एकदम बरोबर, मी वर्गात हेच सांगीन. मंजे मले सगळं येतच होतं, फक्त वासरू मोजायचं राहून गेलं होतं.

भिशीत वासरू नसते. मंग चूक भिशीची आहे, माझी नाही.

मी विचारलं, पंचवीस लाखाच्या घराले बावन्न लाख देऊन राहिला, तुले नऊ वर्षाआधी माहीत होतं? श्याम म्हणे, माहीत होतं आई. पण भाडं भरून बी घर नसतंच झालं. मी दोन खोल्यांचं भाडं आयुष्यभर भरून राहिली आहे.

२८ डिसेंबर, रविवार

देवानंदभाऊकडे गेली. सहज. म्हटलं, भाऊ, तुमाले माझी सवय झाली आहे, तुमच्यासाठी म्हणून आणखी अकरा वर्षं राहू काय? तो म्हणे, काकू, नवीन भाडेकरूचा ॲडव्हान्स घेतला, एक फेब्रुवारीले ते येतात. नवराबायको आहेत, तिचे दिवस भरत आले.

आता पोटुशीले मी काय म्हणू. दोन खोल्या चांगल्या आहेत, नळाले पाणी येते, इतलं सांगून आली.

मंजे एकतीस जानेवारीनंतर मले अकोल्यात घर नाही. अन् अमरावतीत बँकेचं आहे. मी घाबरली नाही. फक्त दोनदा मीठ टाकलं वरणात.

५ जानेवारी २०२६, सोमवार

श्यामनं नव्वद हजार कर्जात भरले. फोन आला. म्हणे, आई, हे सारे मुद्दलातच गेले, तुझ्या नव्वद हजारानं शेवटचे दहा हप्ते कापले. दहा हप्ते मंजे दोन लाखाच्या वर! मी म्हटलंच होतं की बँक काहीतरी सोडन.

मंग मी विचारायले नाही पाहिजे होतं ते विचारलं. एक लाख साठ हजार दिले असते तं?

त्यानं हिशोब केला. मंग म्हणे, सतरा-अठरा.

मंजे सत्तर हजारात गेलेले रोडगे, मोर अन् लुगडे खरे पडले पावणेदोन लाखाले. जाईबाईनं सहा रोडगे खाल्ले. मी पाहिलं होतं. तिच्या अंगावर तं लुगडं बी आहे. या बाईच्या नावानं श्याम दहा वर्षानं बी हप्ता भरन. तिले फोन करून सांगावं वाटलं. केला बी. ती म्हणे, वहिनी, रोडगा चांगलाच होता पण इतला नव्हता.

३१ जानेवारी, शनिवार. सकाळी, टेम्पोची वाट पाहत

श्याम टेम्पो घेऊन येऊन राहिला. मी त्याले फोनवर स्वच्छ सांगतलं, मी शब्दाची पक्की आहे. सामान तुझ्याकडे ठेव, मी दिवसा राहीन, रात्री बडनेऱ्याच्या स्टेशनवर बसीन. तिथं बाकडे आहेत, पंखा आहे, माणसांची चहलपहल आहे.

सोबत बसलेल्या साधनानं फोन घेतला. म्हणे, आई, तुमचे नव्वद हजार धरून पंचवीसपैकी सात लाखाच्या वर फिटले. मंजे घराचा चौथा हिस्सा अन् वर थोडं आपलं झालं. तुमी सांगा कोणती खोली आपली धरायची, बाकीची बँकेची.

ही पोरगी हुशार आहे. मीच निवडून आणली होती.

अवनीची खोली आपली. मोर तिथंच आहेत. हॉल, स्वयंपाकघर, श्यामची खोली, दोन्ही संडास बँकेचे. बँकेच्या भागात बसायले हरकत नाही, बसणं मंजे मुक्काम नाही. झोपायचं फक्त आपल्या खोलीत. असा नियम केला, आता टेम्पो आला की बसते.

१ फेब्रुवारी, रविवार. सकाळी, अमरावती

काल रात्री जेवून हॉलमधे सोफ्यावर बसली होती. सिरियल लागली होती. सून सासूले घराबाहेर काढून राहिली होती, म्हटलं पाहावं पुढे काय होते.

डोळे उघडले तं खिडकीतून ऊन. अंगावर गोधडी. पायातल्या चपला काढून बाजूले ठेवलेल्या. कोणी उठवलं नाही. मोरांचा दिवाण तिकडं तसाच, गादीवर सुरकुती नाही.

अवनी समोर उभी, दात घासत. तोंडात फेस घेऊन म्हणे, आजी, तू बँकेच्या खोलीत झोपली!

मी म्हटलं, झोपली नव्हती, डोळे मिटून हिशोब करून राहिली होती.

ती म्हणे, हिशोबात घोरतात काय?