आप्पांच्या चाली

१२ जाने., रोहा
चर्चच्या उपासनेत दुसऱ्याच कडव्याला आवाज फाटला. वरचा सा लागलाच नाही, नुसती हवा. मंडळी थांबून राहिली. पाळकसाहेबांनी घाईघाईने प्रार्थना सुरू केली. त्रेचाळीस वर्षं या देवळात गातोय. असं कधी…

२८ जाने.
मुलगा सुनील पेणहून गाडी घेऊन आला, मुंबईला नेलं. गाठ स्वरयंत्रात. कॅन्सरच. सगळं स्वरयंत्र काढावं लागेल, डॉक्टर म्हणाले. सुनीलने विचारलं, बोलता येईल का. मला दुसरंच विचारायचं होतं. नाही विचारलं.

२ फेब्रु.
आप्पांची, माझ्या वडिलांची, वही काढली. उपदेशक होते, टाळ घेऊन गावोगाव फिरायचे, येशूची भजनं स्वतः रचायचे. वहीत साठ आहेत. नुसते शब्द. चाल एकाचीही लिहून ठेवली नाही. मला येतात, सुनीलला येतात. लहानपणी माझ्या शेजारी बसून शिकला. तिसरं कोणी नाही.

८ फेब्रु., पेण
सुनीलकडे आलो. नात रिया मोबाइलवर रेकॉर्ड करत बसली. चार म्हटली, मग थुंकीत रक्त. सुनीलला म्हटलं, उरलेली तू म्हण.
नव्या चर्चच्या मंडळीत गेल्यापासून तो टाळाला हात लावत नाही. टाळ-मृदंग मूर्तिपूजेचे, असं तिथे शिकवतात.
म्हणाला, "बाबा, त्या गाण्यांची मी देवाकडे माफी मागितलीय. आता परत कशी म्हणू?"
रागाने नाही बोलला. हळू बोलला. त्यानेच जास्त लागलं. मी विचारलं, मग आप्पांनी पण माफी मागायला हवी होती काय?

११ फेब्रु.
उद्या अ‍ॅडमिट. आज जेमतेम एक झालं. एकूण अकरा.

२७ फेब्रु., पेण
गळ्याला भोक, श्वास तिथून. बोलायचं ते पाटीवर. नळी सुनीलच साफ करतो, कफ ओढतो, तोंड वाकडं करत नाही. सूनबाई म्हणते, रजा संपली तरी कंपनीत जात नाय. राग धरायला कुठे जागाच ठेवत नाही हा मुलगा.

९ मार्च
दुपारी रिया वही घेऊन बसली. रेकॉर्ड न झालेलं एक उघडलं. "आजोबा, हे कसं हाय?" तिने मनानेच चाल लावली. पाटीवर लिहिलं: नाही. पुन्हा लावली. नाही. पलंगाच्या कडेवर बोटांनी ठेका दिला. ठेका उचलला पोरीने, सूर चुकलेलेच. सूर कसे लिहून सांगू?
सुनील बाजूला नळी धूत होता. ती चुकली की त्याचा हात थांबायचा. दर वेळी, नेमक्या जागी. मी बघत होतो. काहीएक विसरलेला नाही.
रियाने पण बघितलं. "पप्पा, तुम्हाला येतं ना?"
"आजोबांना पडू दे जरा," म्हणाला आणि हात पुसत बाहेर ओट्यावर गेला.
रिया तेच कडवं म्हणत राहिली, चुकीच्या चालीत. तिसऱ्यांदा म्हणेपर्यंत पाठ झालं होतं तिला तसंच.
दार उघडंच होतं. सुनील उंबऱ्याकडे पाठ करून उभा, गेला मात्र नाही.