तोमोए-सानचं मत

बॉथेल, ऑगस्ट २००७

प्रिय एकनाथ,

ईमेलऐवजी पाकीट आलेलं बघून घाबरू नकोस, सगळं ठीक आहे. गेल्या महिन्यात माझा थीसिस डिफेंड झाला. सहा वर्षं जपानी राजकीय पक्षांवर डोकं झिजवून तुझी ही मैत्रीण शेवटी डॉक्टर झाली. आईला फोन केला तर म्हणाली, चला, आता जपानचं तरी भलं होऊ दे! वाईत माझ्या विषयाला सगळे हसतात, पण तू कधी हसला नाहीस. तू विचारायचास, तिथला उमेदवार मतं मागतो कसा?

दोन वर्षांपूर्वी मी तिकडे फील्डवर्कला होते तेव्हा नेमकी निवडणूक लागली. भातशेतीच्या कडेला एक उमेदवार पांढरे हातमोजे घालून उभा होता आणि समोरच्या चार म्हाताऱ्यांना कमरेत वाकून नमस्कार करत होता. गाडीवरच्या भोंग्यातून भाषण नाही, नुसतं त्याचं नाव, पुन्हा पुन्हा. तिथे मतं मागायला घरोघर जायची कायद्यानं बंदी आहे. हे कळलं तेव्हा मला तुझीच आठवण आली. तुझं काय झालं असतं रे तिथे? तू तर दारात उभा राहिलास की चहा घेतल्याशिवाय हलत नाहीस. तिथली तरुण पोरं मतदानाकडे फारशी फिरकत नाहीत, पण रविवारी सकाळी गल्लीतलं गटार साफ करायला घरटी एक माणूस हजर. मीही फावडं घेऊन उतरले होते. शेजारच्या बाईंनी विचारलं, तुमच्याकडे हे कोण करतं? मी म्हटलं, आमच्याकडे एकनाथ करतो. त्यांना वाटलं, एकनाथ म्हणजे नगरपालिकेचं एखादं खातं असावं.

डिसेंबरात, नगरपालिकेच्या निवडणुकीनंतर, तुझी दोन ओळींची ईमेल आली होती: ‘पडलो. पण गणपती आळीत आपल्याला लीड.’ ती मी डिपार्टमेंटमध्ये सगळ्यांना वाचून दाखवली, इंग्लिशमध्ये. कुणाला त्यातली मजा कळली नाही. मग रेस्टरूममध्ये जाऊन एकटीच हसले, आणि हसता हसता भलतंच काही झालं. ते जाऊ दे.

आता तोमोए-सानचं सांगते. मी ज्यांच्या घरात वरची खोली भाड्यानं घेतलीय, त्या बाई. वय ऐंशीच्या आसपास. अमेरिकन नवऱ्याबरोबर तरुणपणी इथे आल्या, नवरा जाऊनही बरीच वर्षं झाली. मुलगा दूर फ्रिस्को शहरात असतो, महिन्यातून एकदा फोन करतो. इतकी वर्षं राहूनही त्यांनी इथलं नागरिकत्व घेतलं नाही, कारण ते घेतलं की जपानचं जातं. मुलगा चिडतो, मॉम, व्हॉट इज द पॉइंट? त्या नुसत्या हसतात आणि त्याला विचारतात, जेवलास का?

परदेशातल्या जपान्यांना आतापर्यंत फक्त पक्षाला मत देता यायचं. आपल्या भागातल्या उमेदवाराला नाही. काही जण त्यावरून कोर्टात गेले, जिंकले, आणि या जुलैच्या निवडणुकीपासून तेही मत मिळालं. हे सगळं माझ्या थीसिसच्या तळटीपेत आहे. पण एका सकाळी ती तळटीप मोत्यांची माळ घालून, केस विंचरून माझ्या दाराशी उभी राहिली आणि म्हणाली, यामिनी-सान, मला सिॲटलला आमच्या जपानी कॉन्सुलेटमध्ये नेशील का?

वाटेत ट्रॅफिक तुंबलं होतं. तोमोए-सान सारख्या पर्समध्ये हात घालून पासपोर्ट चाचपत होत्या. त्यांच्याकडे मतपत्रिकेवर छापील नावं नसतात, शिक्का मारायचा नसतो. उमेदवाराचं नाव आपल्या हातानं लिहावं लागतं. आणि त्यांचा उजवा हात हल्ली थरथरतो. गाडीतच त्यांनी गुडघ्यावर बोटानं अक्षरं गिरवून बघितली. मी रस्त्याकडे बघत राहिले, म्हणजे नाव दिसलं नाही असं त्यांना वाटावं. मला आत जाता येत नव्हतं. बाहेर थांबले. पुष्कळ वेळ लागला. आल्या तेव्हा चेहरा असा, की जणू लग्नघरातून आल्यात.

मग आम्ही समुद्राकाठी बाकावर आइस्क्रीम खात बसलो. मी विचारलं, तुमच्या गावात आता कोण आहे? त्या म्हणाल्या, कोणी नाही. भाऊ गेला, घर पाडलं, आणि गावसुद्धा नाही. दोन वर्षांपूर्वी ते शेजारच्या शहरात विलीन केलं, नकाशावरचं नावच गेलं. मग मला राहवलं नाही, म्हटलं, तोमोए-सान, मग हे मत कशासाठी? त्यांनी आइस्क्रीमचा कप खाली ठेवला. म्हणाल्या, माझ्या मताचं पाकीट तिकडे जाईल. मोजणीच्या दिवशी तिथला कुणीतरी माणूस माझा कागद हातात घेईल आणि मी लिहिलेलं वाचेल. तेवढ्यापुरती मी तिथे असेन ना?

एकनाथ, मी माझाच हिशेब करायला लागले. वाईच्या मतदारयादीतलं माझं नाव केव्हाच कमी झालंय, आणि इथे मला मत नाही. सहा वर्षं लोकांच्या सहभागावर लिहितेय आणि स्वतः कुठेच मोजली जात नाही. पण खरं सांगू? मला त्या मताची एवढी हळहळ वाटली नाही. मला आठवलं ते पुण्याचं बसस्टँड. मी मुंबईला विमान पकडायला निघाले होते, तू खिडकीखाली उभा होतास, आणि बस हलेपर्यंत फक्त एवढंच म्हणालास, तिथे थंडी असते, स्वेटर घेतलास ना? मी हो म्हटलं. तुला दुसरंच विचारायचं होतं आणि मला दुसरंच सांगायचं होतं.

परवा शैलजाताईंना पास झाल्याचं सांगायला फोन केला. तुझी बहीण म्हणून नाही, तुझा आवाज मागून ऐकू येईल म्हणून. तू घरी नव्हतास. त्यांनी सहज सांगितलं, भोरच्या स्थळाकडून होकार आलाय, मुलगी चांगली आहे, पण एकनाथ उत्तरच देत नाही, तूच समजाव ना त्याला. मी बरं म्हटलं. तुला समजवायलाच हे पत्र लिहायला बसले होते; दोन दिवस प्रयत्न केला, जमलं नाही. इथल्या विद्यापीठानं दोन वर्षांची नोकरी देऊ केलीय, तिलाही मी अजून उत्तर दिलेलं नाही. तू कशासाठी थांबलायस मला माहीत नाही. माझ्यासाठी नसशील, तर त्या मुलीला आनंदानं हो म्हण, मी मनापासून अभिनंदन करीन. पण माझ्यासाठी थांबला असशील, तर एक फोन कर. काही बोलू नकोस, नुसतं ये म्हण. मी येते.

हा शब्द तुला पहिल्यांदाच लिहितेय,
तुझीच,
यामिनी