अर्जातला नववा प्रश्न

१४ नोव्हेंबर, गुरुवार

प्रिय ताई,

नमस्कार. तुम्ही सगळे बरे असाल असं धरून चालतो. भाऊजींचा गुडघा कसा आहे? माझी खोली तीच, टायरच्या दुकानावरची. खाली हवा भरायचं यंत्र सुरू झालं की मला जाग येते. तीनदा फोन हातात घेतला, पण फोनवर तू "जेवलास का" विचारतेस, मी "हो" म्हणतो आणि बोलणं तिथेच संपतं. म्हणून पत्र.

चांगली बातमी आधी. माझ्या व्यावसायिक लायसन्सचं नूतनीकरण झालं, आणखी पाच वर्षांसाठी. पहिल्या वेळी मी दोनदा नापास झालो होतो, आठवतं? गाडी मागे घेताना सगळ्या खुंट्या पाडल्या होत्या. तिसऱ्यांदा पास झालो आणि ही छोटी व्हॅन मिळाली. डायलिसिसच्या सहा पेशंटना घरून आणायचं, दवाखान्यात सोडायचं, चार तासांनी परत घरी. आठ वर्षांत गाडीला साधा ओरखडा नाही.

खरं सांगायचं तर या सहा जणांखेरीज दिवसभरात माझं कुणाशी बोलणं होत नाही. त्यातल्या शिंपीणबाई माझ्या शेजारी पुढे बसायच्या, मागे त्यांना मळमळतं. शर्टाची बाही ओढून म्हणायच्या, "बारीक झालायस. शिवण बोलते." 

गेल्या महिन्यात एका चौकात लाल दिव्याला थांबलो. नंतरचं आठवतं ते एवढंच, की त्यांचा हात माझ्या मनगटावर होता आणि मागे हॉर्न वाजत होते.

"दिवा दोनदा हिरवा झाला, बाळा. कुठे होतास?"

"विचारात होतो," मी म्हणालो.

तसं आधीही दोनदा झालं होतं. एकदा दाढी करताना, एकदा कुलपात किल्ली घालताना. मी ते झोपेवर ढकललं होतं.

पुढच्याच आठवड्यात वैद्यकीय तपासणी होती. अर्जात नववा प्रश्न असतो : कधी शुद्ध हरपली आहे का? मी "नाही" वर खूण केली. डोळे चोख, रक्तदाब चोख. लायसन्स आलं, ते मी गाडीत सगळ्यांना दाखवलं.

दुसऱ्या दिवशी शिंपीणबाई मागच्या सीटवर बसल्या, तोंडाला रुमाल लावून. मी विचारलं, तर म्हणाल्या, "मी कुणाला सांगणार नाही रे. तुझी नोकरी आहे. पण पुढे बसायची मला भीती वाटते."

त्या दिवशी सहाही जणांना अगदी हळू घरी सोडलं. दुसऱ्या दिवशी गाडीची किल्ली साहेबांना दिली आणि डॉक्टरीणबाईंकडे गेलो. डोक्याला तारा लावल्या, कागद निघाला. "हे फिटचेच झटके आहेत," त्या म्हणाल्या, "लहान असतात, लोकांना कळत नाहीत." वर्षभर एकही आला नाही तर पुन्हा अर्ज करता येईल. पण माणसं बसवायची गाडी परत मिळेल की नाही, ते त्यांनाही सांगता येईना.

म्हणजे लायसन्स मिळालं हे खरं, पण आता ते माझ्याकडे नाही. मीच जाऊन आरटीओच्या खिडकीवर ठेवून आलो. कारकून म्हणाला, "अहो, हे तर नवं कोरं आहे." साहेबांनी मला फोनवर बसवलंय. गाडी किती वाजता येईल ते पेशंटना सांगायचं. शिंपीणबाईंचाही फोन येतो. "बरं" म्हणतात आणि ठेवतात.

आता ज्यासाठी लिहायला बसलो ते. डॉक्टरीणबाईंनी विचारलं, घरात कुणाला असं व्हायचं का? मी म्हणालो, माहीत नाही.

बाबांचा टेम्पो उलटून ते गेले तेव्हा मी चार वर्षांचा होतो. तू अकराची, त्यांच्या शेजारी बसलेली. कुत्रं आडवं आलं असं तू सांगितलंस आणि सगळ्यांनी ते मान्य केलं. ताई, कुत्रं आलं होतं का? की तू त्यांना हाका मारत होतीस आणि ते ओ देत नव्हते?

आठ वर्षांत तू एकदाही माझ्या गाडीत बसली नाहीस. दोनदा इकडे आलीस, मी व्हॅन घेऊन स्टँडवर उभा, आणि तू रिक्षा केलीस. मला वाटलं, तुला माझ्या कामाची लाज वाटते. त्या रागात मी तुझ्याकडे येणंच सोडलं. आता वाटतं, मी भलत्याच गोष्टीचा राग धरून बसलो.

तुला दोष देत नाही. अकरा वर्षांच्या मुलीला चार मोठी माणसं घेरून विचारतात, तेव्हा ती काहीतरी उत्तर देणारच. पण तुझी मुलं आता गाडी शिकायच्या वयाची झाली. त्यांच्यासाठी तरी खरं लिही.

अठ्ठावीस तारखेला पुन्हा दवाखान्यात बोलावलंय. घरचं कुणी असेल तर बरोबर आणा म्हणाल्या. मी "बघतो" म्हणालो.

कुत्रं आलं असेल तरी ये. नसेल आलं तरी ये.

तुझ्याशिवाय घरचं कुणी नसलेला,
तुझा धाकटा