मिरचीची मुकी फिल्म

मोताळा, रविवार संध्याकाळ

आज आईला माझी फिल्म दाखवली. तिच्यात गोष्ट नाही, माणूस नाही, आवाजही नाही; नुसती कांडपात कुटली जाणारी लाल मिरची, अगदी जवळून. तापानंतर मला वास येणंच बंद झालं, हे आईला सांगितलेलं नाही. बघून तरी वास येईल का, म्हणून केली होती. नाही आला. त्याचं वाईटसुद्धा वाटलं नाही.

पण आईने पदर नाकाला लावला. घरात मिरचीचं बोटुकही नाही, तरी पदर! फिल्म संपली तरी काढला नाही.

"नाकात जाऊन राह्यली न बापा," म्हणाली. मग माझ्याकडे बघतच राहिली. "काऊन रे, तुले ठसका नाही लागला?"

पदर अजून नाकालाच.

मी खोकून दाखवलं.