दहा तुकडे

३ मार्च
आले एकदाची! शब्दांविना, नुसत्या शरीरानं नाटक करायला शिकवणाऱ्या शाळेत नोकरी आणि वरच्याच मजल्यावर खोली. कधी शाळेची पायरी न चढलेली मी आता शिक्षिका! मला जे येतं ते सगळं बाबांनी घरीच शिकवलेलं. इथले सर मोठे नट. रंगमंचावरून पडले, ते बारा वर्षं खुर्चीतच. मुलं पाठीमागे त्यांना पुतळा म्हणतात. रोज सकाळी त्यांना एक हालचाल करून दाखवायची, दहा तुकडे पाडून, अशी इथली रीत. आज भरलेला पेला उचलून दाखवला. त्यांची बोटं थरथरली. झाडलोट करणाऱ्या मावशी हळूच म्हणाल्या, एखादा तुकडा गाळत जा गं. मी म्हटलं, कामचुकारपणा आमच्या घरात चालत नाही.

५ मार्च
सर स्वतःच्या हातानं पाणी प्यायले! मुलं ओरडली, पुतळा हलला! मला रडूच आलं. जेवताना माझ्या हातून मात्र पेला दोनदा निसटला. शीण असेल. आज जिना चढून दाखवला. दहाही तुकडे.

६ मार्च
खोलीपर्यंत बसत, सरकत आले. पाय दुखत नाहीत. चढायचं कसं तेच आठवत नाही. मागून सर चढून गेले. डावं पाऊल किंचित आत, अगदी माझ्यासारखं.

९ मार्च
मावशींना विचारलं. आधीची शिक्षिका त्यांचीच लेक. तीही एक तुकडा गाळायची नाही. म्हणाल्या, आता तिचा जबडाही हलत नाही, मी पेज भरवते. आणि तू मला कामचुकार ठरवलंस!

१० मार्च
चार तुकडे गाळले. सर हसले. म्हणाले, आता दाखवायची गरज नाही बेटा, मला नुसतं बघूनही जमतं. माझ्या मानेकडे बघत होते. दुपारपासून मान —

१२ मार्च
डाव्या हातानं लिहितेय. उजवा शालीत लपवला होता, तरी — मावशींनी फोन कानाशी धरला. बाबांना सगळं सांगितलं. ते म्हणाले, नव्या नोकरीत असं वाटतंच. सर कालच फोनवर तुझं केवढं कौतुक करत होते. काम अर्धवट टाकून येऊ नकोस.

१३ मार्च
सर खोलीत आलेत. समोर बसलेत. म्हणाले, पडल्यापासून श्वास पुरा घेता येत नाही.
माझ्या छातीकडे बघतायत. बोटांवर मोजतायत. सात तुकडे झाले. तीनच उरलेत —
मी श्वास रोखून धरलाय. कानांत घण — अक्षरं दिसत नाहीत — आता सोडावाच —