आमच्या खाचरातले बेडूक

सोमवार, १८ जून १९८४

हाताचा वास जाईना! राखेनं घासले, चिंचेनं घासले, शिकेकाईसुद्धा लावून झाली. भाकरी थापायला बसले तर तोच वास. ह्यांना सांगितलं तर म्हणाले, "वासाला काय होतंय? त्याच्यावरच जेवतोय ना?" घ्या!

खोपोलीच्या कारखान्याला टाळं लागलं तेव्हापासून ह्यांनी हा धंदा धरला. कातकरवाडीचा पोशा रात्री गॅसबत्ती घेऊन भाताच्या खाचरांतून बेडूक धरतो. पहाटे ओल्या गोणी आमच्या पडवीत टाकतो. हे झोपलेले. मग मी विळी घेऊन बसते. तंगड्या बर्फाच्या पेटीत, बाकीचं उकिरड्यावर. टेंपो आला की पेटी मुंबईला, आणि तिथून बोटीनं परदेशी. साहेब लोक खातात म्हणे.

बाकीचं लगेच मरत नाही. एवढंच लिहिते.

गुरुवार, २१ जून

मामा — माझे सासरे — आज पुन्हा घरात जेवले नाहीत. "त्या विळीवरची भाजी मला नको."

"मामा, भाजीची विळी वेगळी हाय."

"हात तर तेच ना, बायजे."

ओरडले असते तर बरं झालं असतं. इतकं हळू बोलले की मला चुलीपुढं रडू फुटलं. मी काय हौसेनं कापते?

बुधवार, २७ जून

कर्जतच्या बाजारात मुंबईची दोन मुलं पत्रकं वाटत होती. 'बेडूक वाचवा'! त्यातली चष्म्याची मुलगी भारी बोलायची. म्हणे, तिकडच्या लोकांनी स्वतःचे बेडूक खाऊन संपवले, म्हणून आता आपले मागवतात. बेडूक गेले की भातावर कीड, आणि किडीचं औषधही त्यांच्याच कंपन्यांचं.

मी विचारलं, "मग आम्ही काय करायचं?"

"विरोध करा, ताई."

कुणाला? नवऱ्याला? मला हसूच आलं. बिचारी गोरीमोरी झाली. पत्रकात सुके बोंबील बांधून आणले. पण तिचं बोलणं काही डोक्यातून जात नाही.

शनिवार, ७ जुलै

लावणी सुरू. कंबर धरली आहे, बसता येत नाही नि उठता येत नाही.

शेजारच्या गौराबाईच्या खाचरात खेकडे माजलेत; त्यांची पिल्लं खाणारे बेडूकच उरले नाहीत. रोपं बुडातून कातरली, बांधाला भोकं पाडली, सगळं पाणी खाली गेलं. गौराबाई बांधावर उभी राहून खेकड्यांना शिव्या घालत होती. माझ्याकडं बघून घालत होती, ते काय मला कळत नाही?

पूर्वी ह्या दिवसांत बेडकांनी कान किटायचे. औंदा सगळं शिवार गप्प, पोशालाही आता लांब जावं लागतं. आमचं खाचर तेवढं ओरडतंय. कशानं, कोण जाणे.

मंगळवार, १० जुलै

कळलं! लाकडं घ्यायला पडवीत गेले तर मामा उकिडवे बसलेले. गोणीचं तोंड सोडलेलं. एकेक बेडूक काढून टोपलीत, वर पळसाची पानं. म्हणजे रोज पहाटे "बांध बघून येतो" म्हणून जातात ते ह्याच्यासाठी, बेडूक आमच्या खाचरात सोडायला!

मला बघून दचकले. मग म्हणाले, "बायजे, तू काय बघितलंस?"

"काय नाय, मामा."

"मग आत जा."

दिवसभर हसू दाबत होते. लग्न होऊन आल्यापासून पहिल्यांदा ह्या घरात कुणाशी तरी माझं गूळपीठ जमलं.

शुक्रवार, १३ जुलै

व्हायचं तेच झालं. हे आज लवकर उठले. गोण ढिली दिसली. पोशाला वाडीवरून बोलावून आणला. "रातचे काढतोस आणि दुसऱ्या एजंटाला घालतोस, व्हय रं?"

"आईच्यान, भरून आनली व्हती मी!"

ऐकून घेतील तर ना! धक्का देऊन पायरीवरून खाली ढकलला. सगळ्या आळीदेखत चोर म्हणाले. "उद्यापासनं माझ्या दारात उभा राहू नको." पोशा चिखलात पडला. उठला, टोपी उचलली, गेला.

मामा ओटीवर तंबाखू मळत होते. मी त्यांच्याकडं बघितलं. ते पावसाकडं बघत होते. असा राग आला मला त्यांचा!

आणि माझ्या तोंडात काय मूग होते?

शनिवार, १४ जुलै

गोणी आता दुसरा कोणी आणतो. मी कापते. काही बदललं नाही.

गुरुवार, १९ जुलै

पोशाची बायको सोमी मागच्या दारी आली. "ताई, चोराची बायको म्हंतात. लावनीला बी कोन घेत नाय." पोरं दोन दिवस कंद उकडून खातायत. तिच्या पदरात तांदूळ घातले. तिनं माझा हात धरला. सोडवून घ्यावासा वाटला. त्या हाताला काय धरायचं?

मामांना म्हटलं, "सांगून टाका ना ह्यांना."

"सांगितलं तर तो आपलं खाचर सोडंल व्हय? समद्या शिवारात तेवढंच तर उरलंय."

खरं आहे. म्हणजे बोलले तर खाचर जातं, नाही बोलले तर पोशा. ह्या घरात खरं बोलायची सोय नाही आणि गप्प बसायचीही नाही.

मंगळवार, २४ जुलै

माहेरी जावंसं वाटतं. आई विचारेल, का आलीस? काय सांगू? बेडकांसाठी?

शनिवार, २८ जुलै

बोलले. मीच. दुपारी, हे ताटावर असताना. "पोशानं चोरी केली नाय. मामांनी सोडले. आपल्या खाचरात."

मला वाटलं, आता ताट भिरकावतील. मामांवर धावून जातील. काही नाही! घास हातात तसाच. मग हसलेच. "आपल्या खाचरात? तरीच म्हटलं, आपलं खाचर एवढं कशानं ओरडतंय!" आणि हात धुऊन सायकल काढली, थेट वाडीवर गेले.

मामा हल्ली कुठं घरात जेवायला लागले होते, त्यांनी अर्ध्या जेवणावर पाणी सोडलं.

"मामा, माझं चुकलं का हो?"

"नाय. पोशा चोर नव्हता."

सोमवार, ३० जुलै

पोशा परत कामावर. ह्यांनी स्वतः त्याला चहा दिला, पाठीवर हात ठेवला, वर म्हणाले, "आधी आपलंच खाचर घे. लांब जायला नको." पोशानं मला हात जोडले. "ताई, तुमचे लई उपकार." मला मान वर करवली नाही.

नागपंचमी

आज चिरायचं नाही, कापायचं नाही, विळी हातात धरायची नाही. आख्ख्या गावात कुणी धरत नाही. पण टेंपोला कुठली आली पंचमी! पडवीत गोणी ओळीनं. सगळ्या आमच्या खाचरातल्या. हे म्हणाले, "बस." मी बसले.

मामा आले. "सर बाजूला. पाप लागायचं तर म्हाताऱ्याला लागू दे." माझ्या पायाखालची विळी ओढून घेतली आणि तिच्यावर बसले. पुरुषमाणूस विळीवर बसलेला मी कधी बघितला नव्हता. गोणीत हात घातला. डोळे मिटलेले होते.

नको म्हणायला हवं होतं. एकदा तरी. म्हटलं नाही. मला सुटल्यासारखं वाटलं, आणि मी उठून आत गेले.