बॅनरवरची बारीक बाई

मंगळवार, संध्याकाळ

माहे दंड बारीक करायचा हक या सुनंदेले कोणं देला? बचत गटाची अध्यक्ष झाली म्हणून काय झालं? शेगावच्या पापडाच्या स्टॉलसाठी तिनं आमच्या गटाचा फोटो बॅनरवर छापून आणला, अन् त्यात मले गोरी केली, बारीक केली. दंड तर काडीवानी. याच दंडानं मी उडदाचं पीठ कुटते. काडीनं कुटू काय?

"ताई, गिऱ्हाइकाले बरं दिसते," सुनंदा म्हणे.

म्या म्हटलं, "गिऱ्हाईक पापड खाईन का मले?"

साऱ्या बाया हसल्या. गटातली नूरजहाँ भाभी बॅनरजवळ जाऊन म्हणे, "ये कौन बाई है? इले गटात कधी घेतली?" मंग एकेक जण उठली. आपला चेहरा पाहून म्हणे, माहाबी गोरा केला, खरा लावून आण. एरवी तोंड न उघडणाऱ्याही बोलल्या.

घरी आली तरी मले बसवत नाही. काळी, जाडी हे लहानपणापासून ऐकलं, पण माह्या बाजूनं इतक्या बाया आजच बोलल्या.

निघताना सुनंदेले सांगून आली. शनिवारी स्टॉल लागते. शुक्रवारी दुपारपर्यंत सांग, आमचे खरे चेहरे लावतं, का स्टॉलवर तू एकटीच बसतं?